पावसाआधीचे गाणे : ‘गारवा’, जुन्नर आणि आंबेगाव

‘गारवा’ हे पावसाचे गाणे आहे, हे मराठी माणसाने इतके गृहीत धरले आहे की ते पुन्हा तपासावे असे कुणाला वाटत नाही. मृग लागला की आकाशवाणीपासून हॉटेलांपर्यंत सगळीकडे ते वाजते. माळशेज घाटात धुके पाहायला आलेल्या गाड्यांमधून ते ऐकू येते. पावसाच्या गाण्यांची कोणतीही यादी त्याच्यावाचून पुरी होत नाही. पण गाण्याचे शब्द एकदा कागदावर उतरवून शांतपणे वाचले, तर एक साधी गोष्ट लक्षात येते. या गाण्यात पाऊस नाही. एक थेंबही नाही. वारा आहे, पारवा आहे, चांदवा आहे, गवत, नदी, काजवा आणि तारे आहेत. पाऊस तेवढा नाही.

हा शोध फार मोठा नाही, पण त्याच्या मागे गेल्यावर मला या गाण्याच्या लोकप्रियतेचे एक वेगळे कारण दिसू लागले. ते या लेखात मांडायचे आहे. मी मंचरला राहतो. आंबेगाव आणि शेजारचा जुन्नर या दोन तालुक्यांतल्या मुलांना मराठी शिकवण्यात माझी नोकरी झाली. गाणे पुण्या-मुंबईचे असले, तरी त्याची परीक्षा मी इथल्या पावसावर घेणार आहे. कारण पाऊस म्हणजे काय, याची इतकी वेगवेगळी उत्तरे इतक्या थोड्या अंतरात देणारे प्रदेश फार नसतील. पश्चिमेला भीमाशंकरच्या डोंगरात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस कोसळतो. तिथून पूर्वेला बेल्हे, आणे पठाराकडे निघाले की अर्ध्या दिवसाच्या एसटी प्रवासात आपण टँकरच्या मुलखात येतो.

आधी गाण्याविषयी. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस ‘गारवा’ हा अल्बम आला. शब्द सौमित्र, म्हणजे किशोर कदम यांचे. संगीत आणि आवाज मिलिंद इंगळे यांचा. याच अल्बमने इंगळे हे नाव मराठी घरांत पोहोचवले. तो काळ भारतीय पॉपचा होता. लकी अली यांच्या ‘सुनो’ या पहिल्याच अल्बममधले ‘ओ सनम’ १९९६ साली गाजले होते. गिटारच्या तारा, मध्यम लय आणि कानाशी येऊन बोलल्यासारखा आवाज ही इंग्रजी सॉफ्ट रॉकची रीत तोवर हिंदी ऐकणाऱ्या तरुणांना परिचयाची झाली होती. मराठीत मात्र प्रेमाचे गाणे म्हणजे भावगीत, आणि भावगीत म्हणजे पेटी, तबला, बासरी असा हिशेब बराच काळ चालत आला होता. ‘गारवा’ने भावगीताचा शब्द ठेवला आणि साज बदलला. गायकाने ताना घेतल्या नाहीत, हरकतींची आतषबाजी केली नाही. आवाज खालच्या पट्टीत, जवळजवळ बोलण्याच्या उंचीवर राहिला. त्यामुळे ज्याला गाता येत नाही त्यालाही हे गाणे आपण म्हणू शकू असे वाटले. मला वाटते, महाविद्यालयांच्या स्नेहसंमेलनांत ते इतके शिरले त्याचे एक कारण हेच.

दुसरे कारण त्याच्या बांधणीत आहे. गाणे सुरू होण्याआधी कवी स्वतः कविता बोलतो. ही बोललेली कविता आणि मागून येणारे गाणे यांच्या भाषा एकमेकींपासून फार दूर आहेत. कवितेत ऊन आहे, घाम आहे, चालून थकलेले पाय आहेत, छपरे आहेत. मग एक ढग सूर्याच्या आड येतो, वारा उनाड पोरासारखा धावू लागतो, दुपार कलते. आणि शेवटी कवी एक प्रश्न विचारून थांबतो. पावसाच्या आधीच ढगांत हा गारवा येतो तरी कुठून, असा त्या प्रश्नाचा आशय. गाणे सुरू होते ते या प्रश्नाच्या पाठीवर. पण ते उत्तर देत नाही. ते नुसते गारव्यात जाऊन उभे राहते.

आधी बोलायचे आणि मग गायचे ही रीत गिटारसोबत आली असे कुणी समजू नये. मराठी कानाला ती सवय जुनी आहे. कीर्तनकार निरूपण करता करता अभंगावर येतो. नारायणगावला पाडव्याच्या सुमारास तमाशाच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे पंच जत्रेची सुपारी द्यायला येतात. त्या तमाशातही गण-गवळणीनंतर बतावणी येते, वगात बोलणे आणि गाणे एकमेकांच्या हातात हात घालून चालतात. विंदा, बापट आणि पाडगावकर यांनी गावोगाव काव्यवाचने करून नुसती बोललेली कविताही श्रोत्यांना ऐकायला शिकवले होते. किशोर कदम हे सत्यदेव दुबे यांच्या तालमीत घडलेले नट. त्यांनी कविता ‘सादर’ केली नाही, सांगितली. ‘गारवा’ नवे वाटले ते साजामुळे आणि आपले वाटले ते या बांधणीमुळे.

आता शब्दांच्या नादाकडे. यमकाचे शब्द वेगळे काढून पाहावेत. गारवा, पारवा, चांदवा, काजवा, गोडवा. छंदशास्त्राच्या भाषेत हे सगळे ‘र’ गणाचे शब्द आहेत. गुरू, लघू, गुरू. दोन्ही टोकांना दीर्घ स्वर आणि मध्ये एक हलके अक्षर. पहिल्या दीर्घावर आवाज टेकतो, मधल्या लघूवर उचलला जातो आणि शेवटच्या ‘वा’वर मोकळा सुटतो. मध्यम लयीतल्या गिटारला याहून सोयीचा शब्द मराठीत शोधून मिळणे कठीण. या शब्दांच्या आधी तीन ठिकाणी तीन अनुकरणवाचक शब्द येतात. भिरभिर, सरसर, थरथर. तिन्ही चार-चार लघूंचे. म्हणजे आधी चार चटचट पावले आणि मग एक विसावा.

पण या तीन शब्दांचा क्रम मला त्यांच्या नादाहून महत्त्वाचा वाटतो. भिरभिर आहे ती हवेत, पारव्याच्या पंखांत. सरसर आहे ती पाण्यावर, काजव्याबरोबर. थरथर आहे ती अंगावर. गारवा आकाशातून निघतो, पाण्याला शिवतो आणि शेवटी कातडीपर्यंत पोहोचतो. गाण्याला गोष्ट नाही असे वाटते, पण ही त्याची गोष्ट आहे. गारवा वरून खाली उतरतो. हा क्रम पुढे उपयोगी पडणार आहे.

आता कॅलेंडर. गाण्यातल्या वस्तू इथल्या डोंगरात कधी दिसतात, हे मी ताडून पाहिले. पारवा बाराही महिने असतो. शिवनेरीच्या कड्यात, लेण्याद्रीच्या खोदलेल्या कमानींत त्याची वस्ती असते. जुन्नरच्या भोवती दोनशेहून अधिक लेणी आहेत, आणि भिक्षू गेल्यावर त्यांतल्या बऱ्याच पारव्यांनी राखल्या. काजवा मात्र नेमक्या दिवसांचा पाहुणा. भीमाशंकरच्या बाजूला मेच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत हिरडा, सादडा, जांभूळ ही झाडे काजव्यांनी लखलखतात. पावसाने जोर धरला की खेळ संपतो. म्हणजे काजवा पावसाआधीचा. पण तेव्हा गवत कुठे असते? ज्येष्ठात डोंगर पिवळे, रानातली वाट धुळीची आणि ओढे कोरडे. हिरवे गवत आणि हिरवे काठ पाऊस लागल्यावर दोन-तीन आठवड्यांनी दिसतात. तेव्हा काजवा नसतो. आणि आभाळभर तारे? आषाढ-श्रावणात आमच्या पश्चिम भागात रात्रीचे आभाळ म्हणजे काळी घोंगडी. तारे पाहायचे तर उन्हाळ्यात, नाहीतर थेट कोजागरीला.

थोडक्यात, ‘गारवा’चा ऋतू पंचांगात सापडत नाही. तीन-चार महिन्यांत विखुरलेल्या सुंदर गोष्टी कवीने एका संध्याकाळी एकत्र बोलावल्या आहेत. वास्तवाच्या कसोटीवर हा दोष म्हणावा लागेल, आणि ज्याच्या कवितेत घामाचा उल्लेख इतका अचूक आहे त्याच्याच गाण्यात हा सैलपणा खुपतोही. ‘नवा नवा’ या पुनरुक्तीवर गाण्याने टाकलेला भारही जरा जास्त आहे. जे नवे म्हणायचे ते दाखवण्याऐवजी अनेकदा नुसते म्हटले जाते. पण हा ऋतू बाहेरचा नाही, वाट पाहणाऱ्याच्या मनातला आहे असे मानले की हिशेब जुळतो. पाऊस यायच्या आधी माणूस येणाऱ्या सगळ्या महिन्यांची कल्पना एकदमच करतो. कोरड्या डोंगराकडे पाहताना त्याला हिरवे गवत दिसते.

इथे माझ्या विद्यार्थ्यांनी मला एक वेगळे वळण दाखवले. वर्गात हे गाणे वाचल्यावर मी विचारत असे की, पावसाआधी असा गारवा सुटला की तुमच्या घरात काय होते? शहरातून आलेली मुले चहा, गच्ची, मातीचा वास असे काही सांगत. बाकीच्यांची उत्तरे कामांची असत. पूर्वेकडच्या मुलांसाठी गारवा म्हणजे धावपळ. उन्हाळी कांदा काढून शेतात पातीखाली झाकून ठेवलेला असतो, त्यावर ताडपत्री टाकायची. भिजला तर चाळीत सडणार. नारायणगावकडच्या द्राक्षबागायतदाराच्या घरात फाल्गुन-चैत्रातला गारवा म्हणजे भीतीच. ढगाळ हवेत भुरी आणि डाउनी पसरते, पाऊस झाला तर मणी तडकतात, आणि गारा पडल्या तर वर्ष गेले. गारवा आणि गारा हे शब्द इतके जवळचे आहेत, याकडे माझे लक्ष एका बागायतदाराच्या मुलीने वेधले.

पश्चिमेकडच्या महादेव कोळी आणि ठाकर मुलांची यादी वेगळी होती. अंगणात वाळत घातलेला बाळहिरडा आत घ्यायचा, कारण भिजून काळा पडला की व्यापारी भाव पाडतो. फाटी आणि गोवऱ्या पडवीत रचायच्या. राब भाजून झालेला असेल तर धूळवाफेवर भात पेरायचे. छपराची कौले फिरवायची राहिली असतील तर आता वेळ गेली. या सगळ्या घरांत गारवा सुटला की कुणी उभे राहून वारा अंगावर घेत नाही. तो अर्धा तास सगळ्यांत घाईचा असतो.

यावरून हे गाणे फुरसत असलेल्या माणसांचे आहे, असा निकाल देणे सोपे होते. तो निकाल मला पटत नाही, कारण हीच मुले ते गाणे तोंडपाठ म्हणत होती. काढणीच्या वेळी ट्रॅक्टरवर ते वाजत होते. माझे म्हणणे असे की, या गाण्याने इथल्या माणसाला त्याला कधीच न मिळालेला तो अर्धा तास दिला. ऊन संपले आहे, पाऊस आलेला नाही, आणि मध्ये काहीही करायचे नाही. उन्हाळाही कामाचा आणि पावसाळाही कामाचा असलेल्या माणसाला ही मधली मोकळी जागा फक्त गाण्यातच मिळू शकते. ‘गारवा’ लोकप्रिय झाले ते पावसाच्या वर्णनामुळे नव्हे. त्याने थांबायला जागा दिली म्हणून झाले.

ही जागा मराठीत नवी आहे का, हे पाहण्यासाठी फार मागे जावे लागते, पण लांब जावे लागत नाही. जुन्नरहून नाणेघाटात गेले की नागणिकेचा सातवाहनकालीन लेख आहे. सातवाहन राजा हाल याच्या नावावर असलेली गाथासप्तशती हा महाराष्ट्री प्राकृतातला सातशे गाथांचा संग्रह. स. आ. जोगळेकरांनी १९५६ साली सिद्ध केलेल्या आवृत्तीमुळे तो मराठी वाचकाच्या हाती आला. त्या गाथांत पावसाआधीचा क्षण पुन्हा पुन्हा येतो. नवा मेघ दिसतो आणि प्रवासाला गेलेल्या पथिकाची बायको वाटेकडे डोळे लावते. पाऊस लागला की वाटा बंद होतात. त्याआधी तो आला तर आला, नाहीतर चार महिने विरह. व्यापारी वाटांच्या मुलखात ढग म्हणजे मुदत असे. ‘मेघदूता’त आषाढातला तोच ढग निरोप्या झाला. दोन्हीकडे पावसाआधीचा क्षण ताणलेला आहे, कारण कुणीतरी दूर आहे.

‘गारवा’त कुणी दूर नाही. ‘प्रिये’ अशी हाक आहे, पण ती बोलावणारी नाही, शेजारी उभ्या असलेल्या माणसाला दाखवणारी आहे. याच कवीच्या ‘बघ माझी आठवण येते का’ या कवितेत पाऊस आहे आणि विरहही आहे. म्हणजे पाऊस आला की त्याच्याकडेही जुनी परंपरा परत येते. ‘गारवा’त पाऊस नाही म्हणूनच विरह नाही. दोन हजार वर्षे मुदतीचा असलेला क्षण या गाण्याने बिनमुदतीचा केला. हे मला त्याचे खरे नवेपण वाटते. मात्र त्याची किंमतही आहे. गाथांतल्या बाईला आवाज आहे, ती बोलते, थट्टा करते, रागावते. ‘गारवा’तली प्रिया ऐकण्यापुरतीच आहे.

दुसरी तुलना ना. धों. महानोरांशी. १९७७ च्या ‘जैत रे जैत’मधली त्यांची गाणी ठाकरांच्या जगातली आहेत, आणि आमच्या डोंगरातल्या ठाकरवाड्यांना ती परकी वाटत नाहीत. महानोरांचे आभाळ भुईसाठी उतरते. त्यांच्या पावसाला पिकाचा, शरीराचा, मातीचा वास आहे. सौमित्रांचा गारवा कशासाठीही येत नाही. त्यातून काही पिकत नाही. शेतकरी कवीने पाऊस दिला आणि शहरी कवीने पावसाआधीचा विसावा दिला, असे म्हटले तर दोघांवरही अन्याय होणार नाही.

आंबेगावात बसून पावसाच्या गाण्यावर लिहिताना माळीणपाशी थांबावेच लागते. ३० जुलै २०१४ च्या सकाळी, मुसळधार पावसानंतर, डोंगराचा उतार सुटून माळीण गावावर आला. दीडशेहून अधिक माणसे गेली. गाव दिसत नाही, हे आधी एसटीच्या चालकाच्या ध्यानात आले. पुढे आमडे इथे नवे माळीण वसले. त्या वर्षानंतर आमच्याकडे पावसाचे कौतुक करणारे गाणे लावताना हात थबकतो, हे मी अनेक घरांत पाहिले. रात्रभर पाऊस लागला की डोंगराच्या पोटातल्या वाड्यांमध्ये अजूनही माणसे जागी राहतात. भिजण्याच्या, नाचण्याच्या, चिंब होण्याच्या गाण्यांना तिथे अर्थ उरलेला नाही.

‘गारवा’ मात्र उरले. कारण विचारले तर कुणी सांगणार नाही, पण मला ते शब्दांतच दिसते. हे गाणे पाऊस सुरू होण्याआधी संपते. त्याने पावसाबद्दल कोणतेही आश्वासन दिलेले नाही. तो येईल तेव्हा कसा येईल, हे ते सांगत नाही. ज्यांनी पावसाचे दुसरे रूप पाहिले, त्यांनाही या अलीकडच्या काठावर उभे राहता येते.

राहिला कवीचा प्रश्न. गारवा येतो कुठून? हवामानशास्त्राकडे त्याचे सरळ उत्तर आहे. वळवाच्या ढगातून पाऊस आधीच पडायला लागलेला असतो. खालच्या कोरड्या, तापलेल्या हवेत त्यातले बरेच थेंब वाटेतच वाफ होऊन जातात. वाफ होताना ते हवेतली उष्णता घेतात. थंड झालेली हवा जड होते, वेगाने खाली कोसळते आणि जमिनीला आपटून चहूबाजूंना पसरते. तिची पहिली झुळूक पावसाच्या पुढे धावत आपल्यापर्यंत पोहोचते. तोच गारवा. म्हणजे गारवा हा जमिनीवर न पोहोचलेला पाऊस आहे. आणि तो वरून खाली उतरतो. गाण्यातला भिरभिर, सरसर, थरथर हा क्रम कवीने शास्त्र वाचून लावला असेल असे मी म्हणत नाही. अंगाने अनुभवलेली गोष्ट त्याने बरोबर क्रमाने सांगितली, एवढेच.

म्हणून पावसाच्या गाण्यांच्या यादीतून ‘गारवा’ काढावे असा माझा आग्रह नाही. त्यात पाऊस नाही हे खरे, आणि त्यात आहे तो पाऊसच हेही खरे. आग्रह आहे तो दुसरा. या गाण्याने पावसाआधीची जागा इतकी सुंदर बांधली की आपण पावसाचे काम संपले असे समजून बसलो. त्याच्या पलीकडे, गुडघाभर चिखलात, डोक्यावर इरले किंवा प्लास्टिकचा कागद घेऊन भाताची आवणी करणाऱ्या बायका डिंभ्याच्या वरच्या अंगाला आजही आहेत, आणि त्यांची स्वतःची गाणी आहेत. ती गारव्याची नाहीत, पावसाची आहेत. आवणीच्या दिवसांत तिकडे जाऊन, त्यांची परवानगी घेऊन, ती नीट ध्वनिमुद्रित करण्याचे काम इथल्या मराठी विभागांनी हाती घ्यावे. ‘गारवा’चा खरा उत्तरार्ध तिथे ऐकायला मिळेल.